कडूबाचा जबाब

मारहाण करणारा पोलीस बिनडोक असतो, असं आमचे जमादार महादेवराव म्हणत. काठी मारली की वळ उठतो, वळ उठला की डॉक्टर येतो आणि डॉक्टर आला की चौकशी लागते. बीबी गावच्या चौकीत तीन वर्षांत त्यांनी कुणाला चापटसुद्धा मारली नाही. गावात त्यांना देवमाणूस म्हणत. मी त्यांचा मुन्शी, पुंजाजी. रोजनामचा, जबाब, पंचनामे लिहिणं एवढंच माझं काम. तोंड जमादारांचं, हात माझा.

त्या साली थंडीच्या तोंडाला मेहकरहून फौजदारांचा निरोप आला. मोगलाईतून चोरटी अफू येते आहे, नागपूरपर्यंत बोभाटा झाला आहे, आठ दिवसांत माल आणणाऱ्याचं नाव पाहिजे. मोगलाई आमच्यापासून चार कोसांवर. तिकडे निजामाचं राज्य, इकडे इंग्रजाचं, आणि मधे कुंपण म्हणाल तर बोरी-बाभळी. माल कोण आणतो हे शोधायला फार अक्कल लागणार नव्हती. पण पोलिसाला नाव सापडून भागत नाही, ते सोयीचंही असावं लागतं.

जमादारांनी कडूबाला बोलावून घेतलं.

कडूबा सत्तरीचा म्हातारा, एके काळचा बैलांचा दलाल. दात न बघता, नुसत्या चालीवरून बैलाचं वय सांगायचा. बायको वारलेली, पोटी कुणी नाही. गुडघ्याच्या दुखण्यावर कुणीतरी त्याला अफू सांगितली आणि ती वीस वर्षं सुटली नाही. त्यात चोरटेपणा काही नव्हता. त्याच्याजवळ सरकारी पास होता, पास दाखवला की मेहकरच्या दुकानात दहा दिवसांची अफू मिळे. पण अफू खाणाऱ्याला स्वतःचा भरवसा नसतो. दहा दिवसांचा माल हाताशी राहिला तर तो चार दिवसांत संपतो आणि पुढचे सहा दिवस माणूस भिंतीवर डोकं आपटतो. एखादा एकाच दिवशी संपवतो, त्याला मग डोकं आपटावं लागत नाही. म्हणून आमच्याकडचे अफू खाणारे आपली डबी विश्वासातल्या शेजाऱ्याकडे ठेवत. शेजाऱ्यानं सकाळी एक गोळी द्यायची, दिवेलागणीला एक. म्हातारा कितीही रडला, पाया पडला, आईवरून शिव्या दिल्या, तरी तिसरी द्यायची नाही. सख्ख्या भावाला हे जमत नाही. त्याला मनानं घट्ट आणि जिभेनं मऊ माणूस लागतो.

कडूबाची डबी सईद पिंजाऱ्याकडे असे. पितळेची, झाकणावर मोर कोरलेला. हे साऱ्या गावाला माहीत होतं, मलाही होतं. ज्याच्या नावचा पास, अफू त्याच्याच घरी पाहिजे, असा सरकारी नियम होता खरा. नियम कागदावर होता, डबी सईदच्या फळीवर होती, आणि दोघांचं कधी भांडण झालं नव्हतं.

कडूबाला कोठडीत टाकलं नाही. आतल्या खोलीत घोंगडी देऊन बसवलं. रोजनामच्यात मी लिहिलं, ‘कडूबा, राहणार बीबी, चौकशीकामी स्वखुशीने हजर.’ वेळेवर भाकरी, वेळेवर पाणी. गोळी तेवढी नाही. जमादारांचा मार तो हाच.

पहिल्या दिवशी संध्याकाळी त्याला जांभया सुरू झाल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी नाक-डोळे गळायला लागले, पोटऱ्यांत गोळे आले, घोंगडी दोनदा धुवावी लागली. अंगावर काटा उभा राही आणि त्याच वेळी कपाळावरून घाम वाहे. दुपारी जमादारांनी पळसाच्या पानावर मुगाएवढी गोळी ठेवली आणि पान त्याच्यापुढे, हात पुरणार नाही एवढ्या अंतरावर, ठेवलं.

“नाव सांग अन् घे, कडूबा. तुले कोणी बांधून ठेवलं का इथं?”

कडूबानं हात लांबवून पाहिला, पुरला नाही. मग म्हणाला, “किसनरावाच्या गाड्या आनतात.”

माझा टाक थांबला. किसनराव म्हणजे गावातले सगळ्यात मोठे शेतकरी. चाळीस बैल दावणीला.

“काय बोलून राह्यला बे?” जमादार म्हणाले.

“शेंब्या पाहा ना, सायेब. पोया झाला का लोकं बैलाच्या शिंगावरच्या शेंब्या काढून ठेवतात. किसनरावाच्या मोगलाईत, जालन्याले जानाऱ्या जोड्या बारा महिने शेंब्या घालून फिरतात. म्या बैलाच्या शिंगात जनम काढला. शेंबीच्या पोटात पाच तोये सहज बसते. आता द्या मले.”

मी सगळं लिहून घेतलं. लिहिता लिहिता मला ते बैल डोळ्यांपुढे दिसले. पोळा होऊन तीन महिने झाले होते आणि परवाच त्या पितळी शेंब्या उन्हात चमकताना मी पाहिल्या होत्या. बघून मी मनात म्हटलं होतं, हौशी माणूस आहे. म्हातारा खरं बोलत होता.

जमादारांनी कागद मागितला, वाचला, त्याच्या चार घड्या घातल्या आणि खिशात ठेवला. त्यांच्या मुलीचं लग्न गेल्या उन्हाळ्यात किसनरावांच्या वाड्यासमोरच्या मांडवात लागलं होतं. वरातीला त्याच जोड्या होत्या.

“तलफेनं बुढ्याचं डोस्कं फिरलं,” ते मला म्हणाले. “नवा कागद घ्या.”

त्यांनी पळसाचं पान गोळीसकट उचललं आणि टेबलाच्या खणात ठेवलं. खण बंद झाला तेव्हा कडूबाच्या घशातून जो आवाज निघाला तो माणसाचा नव्हता. मला आजही तो आठवला की जेवण जात नाही.

दिवेलागणीला सईद आला. हातात दुधाचा तांब्या, खांद्याला पिंजण्याची कमान, भुवयांवर कापसाची भुकटी. गाद्या-रजया पिंजून थेट कामावरून आला होता.

“जमादारसाब, चाचाची गोई कालपासून राह्यली,” तो म्हणाला. “हुकूम असंल तर घरून आनून देतो. म्हाताऱ्याचे लय हाल होऊन राह्यले.”

जमादारांनी त्याच्याकडे पाहिलं, आणि मग फार गोड आवाजात विचारलं, “तुह्याजवळ हाये का डबी?”

“हाव ना. फळीवर हाये. बारा-तेरा गोया असतीन.”

“राहू दे. सकाळी पाहू.”

मी त्याला डोळ्यानं खुणावलं असतं तरी पुरे होतं. जाता जाता त्यानं डबी कडूबाच्या घरात टाकली असती आणि प्रकरण तिथंच मिटलं असतं. मी खाली मान घालून टाक पुसत बसलो.

सईदची पाठ वळताच जमादार आतल्या खोलीत गेले, कडूबाजवळ उकिडवे बसले आणि बापानं पोराला विचारावं तसं विचारू लागले.

“कडूबा, तुही डबी कोणापाशी असते?”

“सईदपाशी.”

“किती वर्सापासून?”

“झाले असतीन सहा-सात.”

“तुले अफू कोण देते हातानं?”

“सईदच देते. सकायी एक, सांजेले एक.”

“मांगितली तर आणखी देते का?”

“नाही देत. लय कडक हाये तो.”

“लिहा,” जमादार मला म्हणाले.

आता आमच्या खात्याची एक रीत सांगितली पाहिजे. जबाबात प्रश्न लिहायचे नसतात. फक्त उत्तरं, तीही एकाला एक जोडून, माणूस आपणहून बोलत सुटला आहे अशी. मी वीस वर्षं तसंच लिहीत आलो होतो आणि माझं अक्षर चांगलं म्हणून माझी तारीफ होई. त्या संध्याकाळी मी लिहिलं, ‘अफू सईद पिंजारी याचेजवळ असते. सहा-सात वर्षांपासून ती त्याचे घरी आहे. मला अफू तोच देतो, रोज सकाळ-संध्याकाळ. मागितली तरी ठरल्यापेक्षा जास्त देत नाही. जबाब स्वखुशीने दिला.’ यात एक शब्द खोटा नव्हता. वाचणाऱ्याला मात्र पक्का अफूविक्या दिसत होता.

कडूबानं अंगठा उठवला आणि जमादारांनी खण उघडला. गोळी जिभेखाली ठेवून म्हातारा भिंतीला टेकला. थोड्या वेळानं मला म्हणाला, “मुन्शीजी, जमादार भला मानूस हाये.”

दुसऱ्या दिवशी सकाळी पंच घेऊन आम्ही सईदच्या घरी गेलो. त्याची बायको शकीला पीठ मळत होती. डबी शोधावी लागलीच नाही. सईदनंच ती फळीवरून काढून पुढे केली. त्याला वाटलं, आम्ही चाचाची गोळी न्यायला आलोय. डबीत तेरा गोळ्या होत्या आणि घडी घातलेला कडूबाचा पास.

“चाचाची हाये ही, साब,” बेडी पडल्यावर सईद म्हणाला. “चाचाले इचारा.”

“विचारलं,” जमादार म्हणाले. “त्यानंच सांगितलं.”

शकीलानं पिठाचे हात तसेच ठेवून माझ्याकडे पाहिलं. जमादारांकडे नाही, माझ्याकडे. तिला वाचता येत नव्हतं, पण माझ्या बगलेतल्या कागदात काहीतरी आहे हे तिला कळलं असावं.

दोन महिन्यांनी मेहकरला खटला उभा राहिला. सईदला वकील नव्हता. मॅजिस्ट्रेटनं जबाब वाचून दाखवला आणि कडूबाला विचारलं, हे तू सांगितलंस का? कडूबा दोन महिन्यांत अर्धा झाला होता. पास पुराव्यात अडकलेला, म्हणून दुकानात अफू मिळत नव्हती. इकडून तिकडून चिमूटभर मिळेल त्यावर जगत होता. त्यानं छाती पुढे काढून सांगितलं, “हाव, सायेब. सारं खरं हाये. माही डबी सईदपाशीच असते. सईदवानी इमानदार मानूस नाही गावात.” त्याला वाटलं, आपण सईदची बाजू घेतली. मॅजिस्ट्रेटनं नियमाचं पुस्तक उघडलं.

मग मला उभं केलं. जबाब जसा बोलला तसाच लिहिला का? मी एक वाक्य बोललो असतो, की आधी दुसरं नाव आलं होतं आणि तो कागद जमादारांच्या खिशात गेला, तर सईद त्या दिवशी संध्याकाळी घरी गेला असता. समोर जमादार बसले होते. पेन्शनीला माझी सात वर्षं उरली होती. मी म्हणालो, “होय, जसाच्या तसा.” स्वखुशीने? “होय.”

नऊ महिने सक्तमजुरी.

बाहेर चिंचेखाली कडूबानं मला गाठलं. “मुन्शीजी, म्या खरंच सांगतलं ना? मंग सईदले काऊन नेऊन राह्यले?” मी म्हटलं, वरचे लोक जाणोत. भित्रा माणूस नेहमी वरच्यांवर टाकतो.

निकाल झाल्यावर कडूबाला पास परत मिळाला. डबी सरकारजमा झाली होती. त्यानं दुकानातून दहा दिवसांची अफू घेतली आणि बीबीला येऊन थेट माझ्या घरी आला. कागदाची पुडी दोन्ही हातांत धरून उंबऱ्यात उभा राहिला.

“तुमच्यापाशी ठेवा, मुन्शीजी,” तो म्हणाला. “शकीलापाशी ठेवली तर तिलेही नेतीन. तुम्हाले कोन नेते? म्या बोललो तसंच्या तसं लेहलं तुम्ही. एवढा इमानदार मानूस आता राह्यला नाही गावात.”

मला घाम फुटला. ज्याच्या नावचा पास, त्याच्याच घरी, हे मी कोर्टात नुकतंच ऐकलं होतं. जमादारांना कळलं तर? “तुझी तूच ठेव, कडूबा,” मी म्हणालो. “मोजून खात जा.”

“मले नाही जमत ते, मुन्शीजी.” तो हे अगदी साधेपणानं म्हणाला, जिना चढणं जमत नाही म्हणावं तसं. मी दार लोटून घेतलं.

तिसऱ्या दिवशी शकीला चौकीत आली. चाचाचं दार आतून लावलेलं आहे, हाक मारली तर ओ देत नाही, एवढंच म्हणाली. दार मोडलं. कडूबा भिंतीला टेकून बसलेला होता आणि पुडी मांडीवर उघडी, रिकामी. पंचनामा मीच लिहिला. जमादार सांगत होते, मी लिहीत होतो, ‘मयताने अफूचा सर्व साठा स्वखुशीने भक्षण केला.’ किसनरावांच्या गाड्या तेव्हा चौकीसमोरूनच जालन्याला चालल्या होत्या. शेंब्या चमकत होत्या.

नऊ महिने भरल्यावर सईद सुटून आला. गावात शिरल्यावर पहिल्यांदा तो चौकीतच आला, हजेरी द्यायला. पार वाळला होता, खोकत होता. त्यानं अंगठा दिला, आणि जाता जाता थांबला. कडूबाचं त्याला वाटेतच कुणीतरी सांगितलं असावं. आवाज चढवला नाही त्यानं. नुसतं विचारलं.

“मुन्शीजी, मी नव्हतो तवा चाचाची गोई कोनापाशी होती?”

मला लाज वाटली. आयुष्यात इतकी कधी वाटली नव्हती. जमादार बाहेर ओसरीवर पान खात बसले होते, त्यांनीही ऐकलं असेल. सईद घरी गेला. मी रोजनामचा पुढे ओढला, तारीख घातली आणि लिहिलं, ‘सईद पिंजारी, सजा भोगून परत, चौकीस हजर.’ त्यानं काय विचारलं ते लिहिलं नाही.