अकरावं घर

कोराली माझी शेजारीण झाली ती गाडीमुळे. ऑस्ट्रेलियातल्या होबार्ट शहरात नदीकाठी बोटी पाण्यात सोडायचा धक्का आहे. त्याच्या मागच्या पार्किंगमध्ये माझी जुनी व्हॅन उभी असायची आणि तिच्या बाजूला कोरालीची छोटी निळी गाडी. मी साठी ओलांडलेली, ती माझ्याहून थोडी मोठी. माझा नवरा गेला, पाठोपाठ मालकाने आमचं भाड्याचं घर विकलं, आणि नवीन घरांची भाडी ऐकून मी शोधणंच सोडून दिलं. कोरालीचं निराळं. तिचं केस कापायचं दुकान होतं. आई अंथरुणाला खिळली तेव्हा दुकान बंद करून ती आईपाशी बसली. बरीच वर्षं बसली. आई गेली आणि भावाने घर विकायला काढलं.

"तुला काहीच दिलं नाही त्याने?" मी एकदा विचारलं.

"दिलं की. आईचा ओव्हन दिला, आठवण म्हणून. आता मला सांग ग्लेनिस, या गाडीत ओव्हन ठेवू की मी झोपू?"

तिथे आमच्यासारख्या आणखीही बायका होत्या. पण आम्ही गाडीतच राहतो हे येणाऱ्या-जाणाऱ्याला कळायचं नाही. पोहण्याच्या तलावावर जाऊन आम्ही अंघोळ करायचो, दिवसभर लायब्ररीत बसायचो, आणि कोराली सगळ्यांचे केस कापून द्यायची. म्हणायची, "केस नीट असले की पोलीस काचेवर हळू टकटक करतात."

टेगन आली ती उन्हाळा संपता संपता. तरुण आर्किटेक्ट होती. एका संस्थेला मूना भागात बस डेपोची जुनी जागा मिळाली होती आणि वय झालेल्या, एकट्या बायकांसाठी तिथे छोटी घरं बांधायची होती. टेगन घडीची खुर्ची घेऊन आमच्या गाड्यांमध्ये येऊन बसली आणि म्हणाली, "मी अजून एकही रेघ ओढलेली नाही. तुम्हाला काय हवंय ते आधी सांगा."

आधी विल्माने तोंड उघडलं. विल्मा आमच्यात सगळ्यांत थोरली, गुडघ्यांनी अधू. "पाय लांब करता आले पाहिजेत," ती म्हणाली. सगळ्या हसल्या आणि मग एकेक सुरू झालं. आतून नीट लागेल अशी कडी. दार उघडायच्या आधी बाहेर कोण आहे ते दिसेल अशी खिडकी. पडल्या पडल्या शहरामागचा डोंगर दिसेल अशी दुसरी खिडकी. एक जण म्हणाली, "मोठा सोफा मावेल एवढी जागा नको गं बाई, माझा मुलगा येऊन पडेल आणि उठायचा नाही." टेगन हसली नाही. तिने तेही लिहून घेतलं.

त्यानंतर ती दर आठवड्याला येत राहिली. नकाशा बदलत गेला. आणि एका सकाळी ती दोन नकाशे घेऊन आली आणि खुर्चीत बसेचना.

"खर्च वाढलाय," ती म्हणाली. "दोन्हीपैकी एकच जमेल. या नकाशात दहा घरं आहेत आणि मध्ये सगळ्यांची एक खोली. मोठं स्वयंपाकघर, शेगडी, बसायला जागा. दुसऱ्यात ती खोली नाही. तिच्या जागी अकरावं घर आहे. संस्था म्हणते, तुम्हीच ठरवा."

मी लगेच म्हणाले, "यात ठरवायचं काय? अकरा! बाईला छप्पर मिळतंय आणि आपण चहा प्यायला खोली मागायची?"

बहुतेकींनी माना हलवल्या. कोराली गाडीच्या बॉनेटला टेकून उभी होती.

"ग्लेनिस, सकाळी उठल्यावर तू पहिलं काय करतेस?"

"तुझी काच वाजवते."

"का?"

का ते सगळ्यांनाच ठाऊक होतं. आदल्या थंडीत धक्क्याच्या पलीकडच्या टोकाला एक बाई तिच्या गाडीतच वारली होती. ती आमच्यातली नव्हती, एकटीच असायची. ती गेली हे कळायलाच कितीतरी दिवस लागले होते.

"मी आईपाशी बसले होते म्हणून ती माझ्या हातात गेली," कोराली म्हणाली. "मला चार भिंती द्या, दार द्या, कडी द्या. हव्यातच मला. पण त्या कडीच्या आत मी पडले, तर माझी काच कोण वाजवणार? ती खोली चहासाठी नाहीये. सकाळी कोण आली नाही, ते कळण्यासाठी आहे."

"आणि अकरावी कोण असेल तिचं काय?" मी चिडून विचारलं.

"ती मी असेन असं समजून बोलतेय मी," कोराली म्हणाली.

कोणी खरं धरलं नाही. बोलायची पद्धत असते तशी ती बोलली असं वाटलं. हात वर झाले आणि दहा घरांचा नकाशा ठरला. मी हात वर केला नाही.

घरं उभी राहायला दीड वर्ष गेलं. कोणाला द्यायची हे संस्थेने आपल्या नियमांनी ठरवलं. वय, आजारपण, किती काळ रस्त्यावर. माझं नाव लागलं, विल्माचं लागलं. कोरालीचं दहानंतर पहिलं होतं.

त्या दिवशी आम्ही सगळ्या तिला टाळत होतो. तीच व्हॅनपाशी आली. "तोंडं काय पाडताय? सामान भरायला लागा. आणि ग्लेनिस, माझा ओव्हन भावाच्या गॅरेजमध्ये पडलाय, तो तुझ्याकडे लाव."

मला घर मिळालं त्या पहिल्या रात्री मी पाय लांब करून पडले आणि मला झोप आली नाही. सकाळी उठून मी थेट धक्क्यावर गेले आणि तिची काच वाजवली. "माझ्याकडे ये राहायला," मी म्हणाले. "जमिनीवर गादी टाकू."

"एका घरात एकच बाई, हा नियम आहे. तुझं घर जाईल. मग दोघी परत गाडीत, आणि माझी गाडी लहान आहे."

मग ती रोज दिवसा आमच्याकडे येऊ लागली. मधल्या खोलीत शेगडीपाशी तिची खुर्ची ठरून गेली. ती भोपळ्याचं सूप करायची, आमचे केस कापायची, विल्माच्या गुडघ्यांना तेल लावायची. संध्याकाळ झाली की निघायची. व्यवस्थापक डेस्मंड वाईट माणूस नव्हता, पण बाहेरच्यांनी सहानंतर थांबायचं नाही हे त्याला सांगावं लागायचं, आणि सांगताना तो जमिनीकडे बघायचा.

जुलैत, म्हणजे आमच्याकडच्या ऐन थंडीत, डोंगर बर्फाने पांढरा झाला. एका दुपारी टेगन आली, कोरालीने तिला खुर्चीत बसवलं आणि केस कापायला घेतले. निम्मे कापून झाल्यावर टेगनचे खांदे हलायला लागले.

"मी अकरा घरांचाच नकाशा काढायला हवा होता," ती म्हणाली. "तुम्हाला विचारायलाच नको होतं."

"पोरी, रडू नकोस, हातात कात्री आहे माझ्या." कोराली थांबली. "आणि विचारायला नको होतं असं पुन्हा म्हणू नकोस. मला आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी घर कसं हवंय ते विचारलं."

ऑगस्टमध्ये एका सकाळी विल्मा चहाला आली नाही. तिच्या कपाशी दूध तसंच राहिलं. आम्ही एकमेकींकडे बघितलं. कोराली तेवढ्यात आली होती, कोट अजून अंगावर होता. तीच उठली, डेस्मंडकडून किल्ली घेतली आणि आम्ही दोघी आत गेलो. विल्मा पलंगावर होती, डोंगराच्या खिडकीकडे तोंड करून. पाय लांब केलेले. अंग पुरतं गारही झालं नव्हतं.

कोरालीने कोट काढला, पलंगाच्या कडेला बसली आणि तिचे केस विंचरायला लागली. "कोणाला तरी फोन कर," ती मला म्हणाली, "पण सावकाश कर." बाहेर इतर जणी दारात येऊन उभ्या राहिल्या. कोणी मोठ्याने रडलं नाही.

दहांतली एक जागा रिकामी झाली. यादीत पुढचं नाव कोरालीचं होतं.

डेस्मंड किल्ली घेऊन आला तेव्हा तिने हात पुढे केला नाही. किल्ली शेगडीजवळच्या टेबलावर तीन दिवस पडून होती. ती रोज संध्याकाळी गाडीकडे जायची. चौथ्या दिवशी मी चिडले. "अगं, तू तिला मारलं नाहीस!"

"माहीत आहे मला. पण तिथे जाऊन सुखाने झोपले तर कसं दिसेल?"

"थंडीने गाडीत मेलीस तर कसं दिसेल?"

ती हसली. मग रडली, आणि तिला रडताना मी पहिल्यांदाच बघत होते. त्या रात्री ती विल्माच्या घरात झोपली. पलंगाची जागा मात्र तिने आधी बदलून घेतली.

आता या गोष्टीला चार वर्षं झाली. मागच्या महिन्यात टेगन आम्हा दोघींना लॉन्सेस्टन शहरात घेऊन गेली. तिथे अशीच घरं बांधायची आहेत आणि तिथल्या बायकांना आमच्याशी बोलायचं होतं. एका चर्चच्या सभागृहात पंधरा-वीस जणी जमल्या होत्या. त्यांच्यासमोरही तोच पेच होता, घर की खोली. कोरालीने विल्माचं सगळं सांगितलं, आपल्या गाडीतल्या थंडीचंही सांगितलं. काय करा ते सांगितलं नाही.

एक बाई, अंगावर दोन कोट, मागून म्हणाली, "तुमचं सगळं खरं असेल. पण मला आज रात्री कुठे झोपायचं ते माहीत नाही." हात वर झाले. त्यांनी खोली नाकारली, एक घर जास्त घेतलं.

परत येताना टेगन गाडी चालवत होती, कोराली पुढे बसली होती. मी मागून विचारलं, "तुला वाईट वाटलं?"

"नाही. त्यांचं घर, त्यांनी ठरवलं." ती बाहेर बघत राहिली. मेंढ्यांची कुरणं अंधारायला लागली होती. "त्या दोन कोटवाल्या बाईचं नाव विचारायला हवं होतं गं."

टेगनने वेग कमी केला. "परत फिरू?"

कोरालीने क्षणभर विचार केला. "फिर," ती म्हणाली.