आधी वर उचला, मग फिरवा

मित्रांनो, मी एक जुना लॉकर आहे. नंबर सात. आयडाहो राज्यातल्या सिल्व्हर फोर्क या गावी न्यायालयाच्या पुढच्या दारात आम्ही बारा भावंडं एका लोखंडी कपाटात राहतो. एका ओळीत चार, अशा तीन ओळी. खरं तर मला आत्ताच्या आत्ता ती फेब्रुवारीतली सकाळ सांगून टाकायची आहे, कारण ती आठवली की माझं दार अजून थरथरतं. पण दारावरचा पोलीस आर्लो म्हणतो, गोष्ट सुरुवातीपासून सांगावी. तेव्हा कशीबशी सुरुवातीपासून सांगतो.

माझा जन्म शंभर वर्षांपूर्वी ओहायोतल्या एका कारखान्यात झाला. कारागीर चांगला होता, पण मला बसवताना त्याला बहुधा जेवणाची घाई झाली असावी. माझी खालची बिजागरी केसभर खाली बसली. तेव्हापासून माझं दार किंचित लटकतं. किल्ली लावून दार थोडं वर उचललं की मी लोण्यासारखा उघडतो. नुसता जोर केला तर ढिम्म हलत नाही. मी हट्टी नाही हो, मी असाच घडलो आहे.

आम्हाला इथल्या बँकेने विकत घेतलं. तेव्हा डोंगरात चांदीच्या खाणी होत्या आणि गावात गर्दी मावत नव्हती. माझ्यात एका खाणकामगाराच्या विधवेने घराचे कागद, नवऱ्याचं घड्याळ आणि मुलाचा पडलेला पहिला दात ठेवला होता. बँकेतला म्हातारा कारकून नव्या माणसाला बजावायचा की सातला उचलून फिरवायचं. त्याच्या हातून मी एकदाही अडलो नाही. पुढे चांदी संपली, बँक बुडाली, कारकूनही गेला. आम्ही न्यायालयाच्या तळघरात चाळीस वर्षं जुन्या मतपेट्यांच्या शेजारी धूळ खात पडलो.

मग एक दिवस न्यायालयाच्या दारात तपासणीचं यंत्र आलं आणि आमचं नशीब फळफळलं. आमच्याकडे कोटाखाली किंवा पर्समध्ये पिस्तूल बाळगायला बहुतेक ठिकाणी मुभा आहे. डोंगरात कोयोटे नावाचे रानटी कोल्हे कोकरं पळवतात, लांबलांबच्या वस्त्या आहेत, त्यामुळे निम्म्या गावाच्या कंबरेला काही ना काही असतं. पण न्यायालयात नाही म्हणजे नाही. शाळेत नाही, तुरुंगात नाही, पोस्टात नाही. आत नेलं तर गुन्हा. म्हणून आम्हाला तळघरातून वर आणून रंग दिला आणि बाहेरचं काचेचं दार आणि आतलं दार यांच्या मधल्या जागेत उभं केलं. माणसाने बाहेरून यायचं, पिस्तूल आमच्यात ठेवायचं, किल्ली खिशात टाकायची आणि आत जायचं.

काय दिवस होते ते! लग्नाचा परवाना काढायला आलेला नवरदेव माझ्यात पिस्तूल ठेवता ठेवता अंगठीसुद्धा ठेवून गेला आणि नवरीची बोलणी खाऊन परत आला. एका मेंढपाळाने खिसे रिकामे केले तेव्हा पिस्तुलासोबत पक्कड, सुतळी आणि अर्धं सँडविच निघालं. आमचा आर्लो, म्हणजे आर्लो पिकेट, पाहुण्यांना सांगायचा की हे बारा जण माझ्यापेक्षा जास्त गुन्हे टाळतात. ते ऐकून आम्ही बाराही जण फुगायचो.

पण माझं लटकणं आता कुणालाच ठाऊक नव्हतं; कधी नशिबाने उघडायचो, कधी अडायचो. चार वर्षांपूर्वी एका तापट गृहस्थाने माझ्यावर इतका जोर काढला की माझ्या कुलपाची पितळी जीभ अडकून बसली. आर्लोने मुठीने दोनदा ठोकलं, वरून दुरुस्तीचा अर्ज केला, अर्ज कुठल्यातरी टेबलावर झोपी गेला. माझ्या दारावर पिवळी पट्टी लागली, 'बंद'. किल्ली शेजारच्या खिळ्यावर टांगली गेली. पुढे पुढे तर पट्टीवर मासेमारीच्या हंगामाचं कॅलेंडर लटकलं. शेजारचे सहा आणि आठ दिवसभर उघडत-मिटत, आणि मी ट्राउट माशाच्या चित्रामागे अंधारात. फार वाईट वाटायचं, खोटं कशाला बोलू?

आता ती सकाळ.

रात्रभर बर्फ पडला होता. त्या दिवशी मोठ्या खटल्यासाठी ज्यूरी निवडायची होती, म्हणजे निकाल द्यायला गावातल्याच साठ माणसांना बोलावणं गेलं होतं. नऊ वाजता ती साठ माणसं पाय आपटत आली आणि पाच मिनिटांत माझी अकराही भावंडं भरून गेली. उरलेल्यांनी आपापली पिस्तुलं गाड्यांत ठेवली.

सव्वादहाला बर्फ ढकलणारा भलामोठा नारिंगी ट्रक दारात येऊन थांबला. त्यातून मिरेन लासार्ते उतरली. मिरेन आमच्या डोंगरातली मेंढीवाली, मूळ स्पेनकडून आलेल्या बास्क लोकांतली, एकसष्ट वर्षांची, नवरा शाबिएर जाऊन सहा वर्षं झालेली. तिने ठेवणीतला निळा झगा घातला होता आणि पायात मात्र गोठ्यातले बूट होते. मागून नऊ वर्षांची जोझी उतरली. त्यांची गाडी घाटात चरात घसरली होती, म्हणून बर्फवाल्याने त्यांना उचलून आणलं आणि तो तसाच घाटाकडे परत गेला.

जोझीला मिरेन त्या दिवशी दत्तक घेणार होती. साडेदहाची वेळ होती. ही तिसरी तारीख. पहिल्या वेळी एक कागद कमी पडला, दुसऱ्या वेळी न्यायाधीश आजारी. आज दत्तकाचं काम बघणाऱ्या न्यायाधीशबाई शेजारच्या गावाहून आल्या होत्या आणि घाट बंद होण्याआधी, अकराच्या ठोक्याला, परत निघणार होत्या. चुकलं तर एप्रिल. जोझी याआधी चार घरांत राहिली होती आणि चारही घरांनी तिला परत पाठवलं होतं. एका घरी तिने बाईंना 'आई' म्हणायला सुरुवात केली आणि तिसऱ्या आठवड्यात तिची बॅग भरली गेली. तेव्हापासून ती कुणालाच नात्याने हाक मारत नसे. दोन वर्षं मिरेनच्या घरात राहूनही ती तिला 'मिरेनबाई' आणि 'तुम्ही' म्हणायची. मिरेनला हे लागायचं, पण तिने कधी बोलून दाखवलं नाही.

"कमरेचं घरी ठेवलंस ना?" आर्लोने विचारलं. दोघं एका वर्गातली, त्यामुळे अरेतुरेचीच बोलणी.

"खुंटीला टांगून आलेय. तीस वर्षांत पहिल्यांदा," मिरेन ऐटीत म्हणाली. "चालताना डावीकडे झुकल्यासारखं वाटतंय."

जोझीचे हात थंडीने फुटले होते. ते पाहून मिरेनने पर्समध्ये हात घातला. मेंढ्यांच्या सडांना लावायचं मलम तिच्या पर्समध्ये कायम असतं, तेच ती हातांना लावते आणि तेच ओठांना. डबी तिने जोझीला दिली आणि रुमालासाठी पुन्हा हात घातला. तो हात तिथेच थांबला.

ती रविवारची पर्स होती. तिला आतून एक चोरकप्पा होता आणि त्यात लग्नाच्या वाढदिवसाला शाबिएरने दिलेलं छोटं पिस्तूल होतं. कंबरेचं आठवणीने काढलं आणि पर्समधलं साफ विसरली. आमच्याकडच्या बायकांची नेहमीची चूक ही.

"आर्लो," ती हळूच म्हणाली, "पर्समध्ये शाबिएरचं आहे."

आर्लोचा चेहरा उतरला. "अजून आतल्या दारातून गेली नाहीस, म्हणून ठीक आहे. एक पाऊल पुढे टाकलंस तर मला तुला धरावं लागेल. मग कसलं दत्तक घेतेस?"

तो स्वतः ते हातात घेऊ शकत नव्हता. घेतलं तर जप्ती, अहवाल, सगळं आलंच, आणि तो कागद थेट न्यायाधीशबाईंच्या टेबलावर गेला असता. ठेवायला गाडी नव्हती. अकरा लॉकर भरलेले. मिरेन म्हणाली, बर्फात पुरून येते. आर्लो म्हणाला, हो, आणि शाळा सुटल्यावर पोरांना सापडू दे.

कुणाकडे ठेवता येईल का ते बघायला मिरेन धावतच बाहेर पडली. माझ्या कॅलेंडरची एक बाजू मुडपलेली होती, तिथून काचेपलीकडचा चौक मला दिसत होता. मला वाटत होतं, ओरडून सांगावं, अगं, मी आहे इथे! पोस्टाच्या पायरीपाशी ती थबकली आणि वळली. पुढे कॅफे. तिथे दारावर फुली मारलेल्या पिस्तुलाचं चित्र कित्येक वर्षं चिकटवलेलं आहे. मालकीण हात पुसत बाहेर आली, मिरेनचं ऐकून घेतलं, आणि त्या चित्रावर बोट ठेवून मान हलवली. मैत्रीण असली तरी दुकान तिचं, नियम तिचा. हार्डवेअरच्या दुकानात कुणी हरकत घेतली नसती, पण दुकानाला कुलूप होतं आणि पाटी होती, 'ज्यूरीला गेलोय'. गावातलं विश्वासाचं एकूणएक माणूस आतल्या बाकांवर बसलं होतं. घड्याळात दहा एकतीस झाले. आतून कारकूनबाई येऊन विचारून गेल्या.

"आता एप्रिल ना?" जोझीने आर्लोला विचारलं. मग त्यालाच समजावल्यासारखं म्हणाली, "चालेल. मला सवय आहे."

मित्रांनो, मी लोखंडाचा आहे, तरी ते ऐकून मला रडू फुटायचंच बाकी राहिलं.

मग ती इकडेतिकडे बघू लागली. माझ्या भावंडांचे नंबर तिने वाचले असावेत. पाच, सहा, मासा, आठ. तिने कॅलेंडर उचललं.

"हा रिकामा आहे."

"तो उघडत नाही. मोडलाय."

"किल्ली लावून बघू?"

"बघ बापडे," आर्लो म्हणाला, आणि खिळ्यावरची किल्ली त्याने तिच्या हातात ठेवली.

चार वर्षांनी माझ्यात किल्ली शिरली! ती अर्धी फिरली आणि अडली. आता ही जोर लावणार, या भीतीने मी गोठलो. पण तिने जोर लावला नाही. माझ्या दाराच्या खालच्या कडेवरून बोट फिरवलं.

"आधीच्या एका घरी, बेकरांकडे, माझं कपाट असंच होतं," ती म्हणाली. "ते म्हणायचे मोडलंय. मोडलं नव्हतं, लटकलं होतं."

तिने किल्ली काढली, हातातल्या डबीतलं मलम तिला चांगलं चोपडलं आणि पुन्हा घातली. मलमाला मेंढीच्या लोकरीचा वास होता. मग तिने दार तळव्याने वर रेटलं, अगदी केसभर, आणि किल्ली फिरवली. त्या म्हाताऱ्या कारकुनानंतर पहिल्यांदा कुणीतरी मला ओळखलं होतं. मी उघडलो. धूळ, उजेड, आणि जोझीचं लाल नाक.

आर्लोने बाहेर धाव घेऊन मिरेनला हाक मारली. ती आली तेव्हा खांद्यांवर बर्फ होता आणि डोळे भरलेले होते. आर्लोने जोझीला लांब भिंतीशी उभं केलं. मिरेनने चामडी पाकिटातलं पिस्तूल, नळी माझ्या मागच्या पत्र्याकडे करून, माझ्यात ठेवलं आणि दार लोटलं. किल्ली फिरेना. दहा अडतीस. तिने खांदा लावला, मी आणखी अडलो. मिरेन, अगं, नको गं.

"ढकलू नका, मिरेनबाई," भिंतीपासून आवाज आला. "वर उचला. मग फिरवा."

मिरेनने मला वर उचललं. मी जीव एकवटून माझी पितळी जीभ पुढे सारली. खट्. असा आवाज मी जन्मात केला नव्हता. किल्ली जोझीच्या मुठीत देऊन दोघी आत पळाल्या. आर्लोने पर्स यंत्रातून इतक्या घाईने काढली की मलमाची डबी घरंगळत गेली.

पुढची वीस मिनिटं मी फक्त ऐकत होतो. आत एक दार लागलं. शांतता. मग एकदम टाळ्या, शिट्ट्या, बाकांवर बुटांचा दणदणाट. दत्तकाला मंजुरी मिळाल्याचं कळताच, बोलावणं यायची वाट बघत बसलेले ते साठ जण दालनात एकदम उठले होते. न्यायाधीशबाई कोट चढवत आमच्यासमोरून गेल्या, तेव्हा त्या स्वतःशीच हसत होत्या.

त्यांच्या मागून मिरेन आली. कागद छातीशी धरलेला, चेहरा ओला, पाय जमिनीवर नाहीत. ती माझ्यासमोरून सरळ पुढे निघून गेली. तीस वर्षांत जिने पिस्तुलाशिवाय गोठ्याचं दार ओलांडलं नाही, ती बाई ते माझ्यात ठेवून खुशाल घरी निघाली होती. बाहेरच्या दारावर तिचा हात पडला, तेवढ्यात मागून हाक आली.

"अमुमा, थांब. तू सात नंबर विसरलीस."

बास्क लोक आजीला अमुमा म्हणतात. मिरेनने वळून पाहिलं नाही. काचेच्या दाराला धरून ती तशीच उभी राहिली, आणि आर्लो उगाचच आपली टोपी झटकत राहिला. मग ती म्हणाली, "पुन्हा सांग बरं, काय विसरले?"

"सात नंबर, अमुमा."

पिस्तूल काढून झाल्यावर जोझीने आर्लोकडे नवी पट्टी आणि पेन मागितलं. 'बंद'ची पिवळी पट्टी तिने नखाने खरवडून काढली. नवीवर ठळक अक्षरांत लिहिलं, 'हा मोडलेला नाही. आधी वर उचला, मग फिरवा.' खाली सही करताना ती थांबली, मिरेनच्या हातातल्या कागदावर एकदा अक्षरं पाहून घेतली, आणि जीभ बाहेर काढून सावकाश लिहिलं, जोझी लासार्ते. हे नाव तिने पहिल्यांदा लिहिलं ते माझ्या दारावर.

ती पट्टी अजून आहे. दर हिवाळ्यात त्या दोघी येतात, मलम लावतात, आणि सहा-आठ माझ्यावर जळतात.

मित्रांनो, माझं तुमच्याकडे एवढंच मागणं आहे. मोठी माणसं घरातून निघताना त्यांना पर्स आणि खिसे नीट तपासायला सांगा. त्यात काय आहे हे तुम्ही हात घालून बघू नका, ते काम त्यांचंच. आणि तुमच्या घरात, शाळेत, वर्गात कुणावर 'बंद'ची पट्टी दिसली, तर आधी तुमच्या हातांनी एकदा हळूच वर उचलून बघा.