बातूच्या चढावरचं खोटं

मित्रांनो, मी एक जुनी स्कूटर आहे आणि माझ्या मालकाने माझ्याकडून खोटं वदवून घेतलं. तेच आज सांगते.

मला तिरकी करून किक मारावी लागते, दिवा मनात आलं तरच लागतो. तरी आमच्या मालांग शहरातल्या पोरांनी मला डोक्यावर घेतलं. भंगारातून आमच्यासारख्या हुडकायच्या, जोडायच्या आणि शनिवारी ताफ्याने बातूचा डोंगर चढायचा, हा त्यांचा नाद. त्यांचा नियम एकच. रस्त्यात बंद पडलेली स्कूटर दिसली की थांबायचं. आधी पाना, मग नाव-गाव. त्या भरवशावर पोरीसुद्धा असल्या रडक्या गाड्या घेऊन एकट्या बिनधास्त फिरायच्या.

माझा मालक तेगार. त्याने अशीच कोणाला तरी मदत केली, त्याचा व्हिडिओ टाकला आणि तो लाखोंनी पाहिला. पण रोज बंद पडलेली गाडी आणायची कुठून? मग त्याने मलाच बंद पाडलं. प्लगच्या टोपीत चिकटपट्टी कोंबली, मला चढावर उभी केली आणि कॅमेरा सफरचंदाच्या झाडामागे लपवला. लोक थांबायचे, घामाघूम व्हायचे. शेवटी हा पट्टी काढून दाखवायचा आणि त्यांचे पडलेले चेहरे बघून जग खदाखदा हसायचं.

एका सकाळी मार्सुदीकाका थांबले. माझं इंजिन ज्यांनी बांधलं, तेच म्हातारे फिटर. लग्नाला निघाले होते, अंगात इस्त्रीचा बाटिक सदरा. त्यांनी बाह्या सारल्या.

"प्लग शेवटचा कधी पुसलास रे? पाळण्यात होतास तेव्हा?"

तासभर खपले. सदरा तेलाने माखला. मग त्यांच्या बोटाला ती पट्टी लागली आणि तेगार फिस्सकन हसला.

"काका, कॅमेऱ्याकडे बघा ना. गंमत होती."

काका पट्टीकडे बघत राहिले. "माझ्यावर हस बाबा, काही नाही. पण उद्या कोणी दिसलं तर मी थांबू की नको, तेवढं सांग."

तेगारने घरी जाऊन हे वाक्यही व्हिडिओत ठेवलं, खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग लागली.

पुढच्याच महिन्यात एका दुपारी त्या चढावर ‘रात्री’ नावाच्या एका मुलीच्या स्कूटरची क्लचची तार तुटली. खरीखुरी. गाड्या यायच्या, हळू व्हायच्या, झाडामागे कॅमेरा शोधायच्या आणि निघून जायच्या. एक जण ओरडला, "ताई, अभिनय झकास!" भर उन्हात चार किलोमीटर तिने गाडी ढकलली. आम्हीही तिच्या शेजारूनच गेलो. तेगार थांबला नाही. त्याला वाटलं, दुसऱ्या कोणाचं तरी शूटिंग चाललंय.

मित्रांनो, मला धुऊ नका, पुसू नका, गंजले तर गंजू द्या. पण असल्या गमतीवर हसू नका. आणि रस्त्यात कोणी अडलेलं दिसलं, तर फसायची तयारी ठेवून थांबा.