दर दहा मिनिटांनी

लोहाऱ्याजवळच्या गुऱ्हाळात, उसाचा रस उकळत असलेल्या काहिलीपासून चार हातांवर, शिवपुत्र मोडक्या खुर्चीत बसला होता. अंगात आग न लागणारा जाड पोशाख, डोक्यावर हेल्मेट, हातात जुन्या ट्रॅक्टरचं स्टिअरिंग. बारा तासांच्या शर्यतीत गाडीच्या आत असाच उकाडा असतो, आणि एकदा बसलं की दोन तास उतरता येत नाही.

मागच्या शर्यतीत दुसऱ्या पाळीला त्याला भोवळ आली आणि गाडी कठड्याला घासली. बाहेर काढल्यावर पाहिलं, तर पाण्याची पिशवी भरलेलीच. नळी तोंडाशी होती, तो प्यालाच नव्हता. टीमनं पुढच्या महिन्यात चाचणी ठेवली. दोन तासांत दोन किलोपेक्षा जास्त वजन उतरलं, तर त्याच्या जागी दुसरा ड्रायव्हर.

गुळाच्या ढेपा तोलायच्या काट्यावर सासऱ्यांनी, महालिंगप्पांनी, त्याला उभं केलं.

"अडीच किलो गेलं, पाव्हणं. पिशवीतलं पाणी तर तसंच की!"

"ध्यानातच राहत न्हाय, मामा."

ते त्याला कधी ध्यानात ठेवावंच लागलं नव्हतं. सात वर्षं त्याची बायको महेश्वरी कानातल्या रेडिओवर दर दहा मिनिटांनी सांगायची आणि तो प्यायचा. श्रावणात ती वारली. तिच्या जागी आलेला माणूसही सांगायचा. ते नुसतं कानावर पडायचं.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा बसला. काहिलीवरची मळी काढता काढता महालिंगप्पा अदबीनं म्हणत होते, "प्या की, पाव्हणं." हा भिंतीकडं बघत स्टिअरिंग फिरवत राहिला. चौथ्यांदा म्हातारा भडकला. समोर जावई आहे हे विसरून, 'पाणी पी' म्हणून घरच्या कानडीत ओरडला, "नीर कुडी!"

शिवपुत्रानं आपसूक नळी ओढली. पाणी पोटात गेल्यावर त्याच्या लक्षात आलं, महेश्वरी रेडिओवर हेच दोन शब्द ओरडायची.

म्हाताऱ्यानं झारा खाली ठेवला. पुढं दर दहा मिनिटांनी तो तसाच ओरडला. दोन तासांनी वजन सव्वा किलोच उतरलं होतं.

"मामा, चाचणीला चला. शर्यतीलाबी."

"तितं जाऊन कानडीत बोंबलू? लोकं हसतील की."

"तिलाबी हसले होते आधी. मग शेजारच्या टीमवाले तिच्या आवाजावर पाणी प्यायला लागले."

पाक दाटत आला होता, तो महालिंगप्पांनी आधी उतरवून घेतला. मग हात पुसत त्यांनी विचारलं, "किती येळा वरडायचं?"

"माझे सहा तास. छत्तीस येळा."

"ती वरडायची छत्तीस?"

"व्हय."

"मग मोठ्या काट्याचं घड्याळ घे. मला बारकं दिसत न्हाय."