एकच फडकं

जाळीच्या पेटीतून चिंधीने नाक बाहेर काढलं आणि बोक्याने फाडकन तिच्या तोंडावर पंजा मारला. सख्खा भाऊ. एकाच टोपलीत वाढलेला, एकाच वाटीतलं दूध प्यायलेला. चिंधी शेपटी फुगवून शिलाई मशीनखाली जाऊन बसली.

“झालं समाधान?” धाकटी म्हणाली. ओठांत टाचण्या होत्या, शब्द दातांआडून आले.

ताई आपल्याच घरात पाहुण्यासारखी, चपला न काढता खुर्चीच्या कडेला टेकली होती.

“वास बदललाय तिचा. मांजरं सांभाळणारी ती बोर्डिंगवाली म्हणाली, एकच फडकं दोघांच्या अंगावरून फिरवायचं. रोज. हळूहळू ओळख पटते.”

“परक्यांकडे ठेवली नसतीस, तर पुसली कशाला असती ओळख?” धाकटीने एकेक टाचणी काढून उशीत खुपसली. “तू ट्रेनिंगला गेलीस, जा बाई. पण बोका माझ्याकडे आणि चिंधी लोकांकडे? मी काय उपाशी मारणार होते तिला?”

“तिचं औषध असतं दोन वेळा. तुझ्यामागे आधीच एवढं काम. म्हटलं, ओझं नको.”

“ओझं! एवढंसं मांजर.”

फलालीनचं फडकं घेऊन धाकटी जमिनीवर पालथी झाली. चिंधीच्या गालांवरून, कानांमागून हलक्या हाताने फिरवू लागली. हात हलका होता; जीभ नव्हती. “साऱ्या जगाला विचारून होतं हिचं. घरातल्यांना विचारायचं तेवढं राहतं.”

मग तेच फडकं बोक्याच्या पाठीवर. तो निसटला आणि ताईकडे गेला. तिच्या पोटाशी नाक नेलं, हुंगलं आणि तिच्यावरही फिसकारला.

ताईने दचकून दोन्ही हातांनी पोट धरलं. बाही मागे सरकली. मनगटाच्या वर सुईची निळी-पिवळी खूण, भोवती निघून गेलेल्या चिकटपट्टीचा मळकट चौकोन.

धाकटी त्या चौकोनाकडे पाहत राहिली.

“कसलं ट्रेनिंग होतं?”

ताईने बाही खाली ओढली.

“सोबत कोण होतं?”

“नर्स होती ना.”

“नर्स.” धाकटी उठून उभी राहिली. “आणि मी काय मेले होते?”

“पोटात गाठ होती गं, काढली. साधीच निघाली. तुला उगाच घोर...”

“बोलू नकोस. माझ्याशी एक शब्द बोलू नकोस.”

दोन्ही मांजरांचे केस चिकटलेलं ते फडकं धाकटीने आधी स्वतःच्या डोळ्यांवरून, मानेवरून खसाखसा फिरवलं. मग ताईच्या गळ्यावर, दंडांवर, पाठीवर, भांडं घासावं तसं. पोटाशी आल्यावर हात थबकला, आणि फडकं नुसतं टेकलं.

“अगं, केस लागताहेत सगळे.”

“गप्प बस. रोज करायचं म्हणालीस ना?”

ताईने खाली वाकायचा प्रयत्न केला, जमलं नाही. मग पायानेच पाय दाबून तिने चपला काढल्या.