पिवळा झेंडा

"काका, अंगठा हलला," वुलान म्हणाली आणि तिने सहाव्यांदा मोबाइल थांबवला.

चटईवर मयत होऊन पडलेला सनिप कुरकुरत उठून बसला. अडुसष्टाव्या वर्षीही एका जागी स्वस्थ पडणं म्हणजे त्याला शिक्षाच, आणि पुतणीने नेमकं प्रेताचं काम दिलं होतं. तिचे विनोदी व्हिडिओ निम्मं जकार्ता पाहायचं. सनिप रोज त्याखालच्या प्रतिक्रिया बोटाने सरकवत बसायचा. हजारो नावं असायची, पण नईमचं एकदाही दिसलं नव्हतं.

लेनोंगच्या, म्हणजे इथल्या लोकनाट्याच्या, खेळात दोघांनी तीस वर्षं लोकांना हसवलं होतं. मेलेल्या सनिपवर नईम गळा काढायचा आणि मग हळूच म्हणायचा, "ऊठ रे, भात निवतोय." चादरीखालून सनिप विचारायचा, "कशाबरोबर?" आणि लोक मांडव डोक्यावर घ्यायचे. पुढे टीव्हीवाल्यांनी एकट्या नईमला बोलावलं आणि तो गेला. माझ्या मयतालाही येऊ नको, असं सनिपने त्याला भर गल्लीत सुनावलं. त्याला वीस वर्षं झाली. शब्द मागे घ्यायला जीभ रेटेना, आणि मनाची तगमग काही थांबेना.

वुलानला तीच वाक्यं हवी होती. नईमचं वाक्य शेजारीण म्हणेल, असं ती सकाळपासून विनवत होती.

"ते त्याचं आहे," सनिप म्हणाला. "दुसऱ्या कुणाला मी उत्तर देणार नाही."

सातव्यांदा त्याने चादर डोक्यावर ओढली. शेजारणी पुन्हा रडू लागल्या आणि एकाएकी गप्प झाल्या. काठी टेकत कुणीतरी उशाशी येऊन बसलं. त्याला धाप लागली होती, अंगाला लवंगी सिगारेटचा वास होता. तो वास सनिपने ओळखला.

"काका, झेंडा," वुलान कशीबशी कुजबुजली.

खरं वाटावं म्हणून तिने सकाळी गल्लीच्या तोंडाशी पिवळा झेंडा बांधला होता. तो दिसला की कुणीतरी गेलं, हे इथल्या शेंबड्या पोरालाही कळतं. चित्रीकरण आहे, हे मात्र गल्लीबाहेर सांगायचं राहून गेलं होतं. पातळ चादरीतून सनिपला दिसलं, वुलानने मोबाइल पालथा घातला.

"येऊ नको म्हणाला होतास," नईमचा आवाज चिरकला. "आलोय. काय करायचं ते कर."

सनिपचा अंगठा हलला नाही. आता उठावं, तर थट्टा केली असं वाटून हा तडक निघून जाईल आणि पुन्हा कधी यायचा नाही. पडून राहावं, तर म्हातारा रडून रडून अर्धा होईल.

एक हात चादरीवरून त्याच्या कपाळावर टेकला.

"ऊठ रे," नईम पुटपुटला. "भात निवतोय."

या वेळी कुणी हसलं नाही. पूर्वीसारखे सनिपने मनात तीन आकडे मोजले.

"कशाबरोबर?" चादरीखालून आवाज आला.