पहिलंच नाव

माझी वेब सिरीज दिवाळीला यायची होती, आली मार्चमध्ये. तेवढ्यात काचबिंदूनं बाबांचा दुसरा डोळाही गेला. दिवाळीला त्यांना टीव्हीवरची मोठी अक्षरं वाचता येत होती हो! मी कंपनीवाल्यांना फोनवर रडून सांगितलं होतं, लवकर आणा. पण त्यांना काय घेणंदेणं!

अकरा वर्षं झाली मला मुंबईत. आधी पटकथांच्या झेरॉक्स काढल्या. मग नटांच्या मागे संवादांचे कागद घेऊन पळाले, कुठल्या सीनला नायिकेच्या हातात कुठल्या बांगड्या होत्या ते वहीत लिहिलं. मग एपिसोड लिहायला लागले, पण दुसऱ्याच्या नावावर. रोजच्या मालिकांत शेवटची नावं जाहिरातींत चिरडून जातात, त्यामुळे माझं फावलं. ‘येतं हो बाबा माझं नाव, पण इतकं भर्रकन जातं ना!’ असं ठोकून द्यायचे. बाबा इथे इंदूरला, छत्रीबागेतल्या घरी टीव्हीला नाक लावून बसायचे. नाव नाहीच आहे हे माहीत असून मी त्यांना बसू दिलं. नालायक आहे मी, दुसरं काय.

या वेळी मात्र खरं होतं. आठ भागांची वेब सिरीज, त्यातले तीन भाग माझे. मुख्य लेखक स्वतः म्हणाले होते, ‘तेरा नाम जा रहा है, पक्का.’ मी रजा टाकून इंदूरला आले. रविवारी सकाळी बाबा इस्त्रीचा शर्ट घालून खुर्चीत बसले. शेजारचा परेश विजय नगरला आयटीत आहे, तो टीव्हीवर ॲप लावून द्यायला आला.

माझा भाग संपला. नावं सुरू झाली न झाली तोच पुढचा भाग लागला.

“अरे, रोक ना भिया!” मी ओरडले. परेशनं घाईघाईनं मागे घेतलं.

लेखक म्हणून एकच नाव होतं, त्या मुख्य लेखकाचं. मेला! मी तरी खालची नावं बघत राहिले. जनरेटरवाल्याचं नाव होतं, गाड्या देणाऱ्याचं होतं, जेवण पुरवणाऱ्याचंसुद्धा होतं. मग पडदा काळा झाला.

“आलं का गं?” बाबांनी विचारलं.

“आलं ना, बाबा.”

“तू थांब. परेश, तू सांग बेटा. ही माझं मन राखायला खोटं बोलेल.”

परेशनं माझ्याकडे बघितलं. बिचारा पार गोरामोरा झाला.

“आलं ना काका. एकदम बडे बडे अक्षरों में.”

“कितवं?”

“पहिलंच.”

बाबांना हुंदका आला. रुमालानं डोळे पुसून त्यांनी परेशला फोन लावायला सांगितला, देवासला, इंदिराआत्याला. “इंदिरे, चष्मा लाव आणि टीव्ही बघ! आपल्या मधुरिमाचं नाव आहे, पहिलंच! तुझ्या मनीषलाही दाखव. सगळ्यांना दाखव!” तिकडे आत्या सुनेला हाका मारत होती, टीव्ही लाव म्हणून. मला इथपर्यंत ऐकू येत होतं.

“बाबा, नाव नाहीये,” मी म्हणाले. “आजही नाही, आणि आधीही कधीच नव्हतं.”

परेश चपला घालून निघून गेला. आत्या फोनवर हॅलो हॅलो करत होती.

“नको लावूस, इंदिरे,” बाबा म्हणाले. त्यांनी फोन मांडीवर ठेवला आणि मी बसले होते त्या बाजूला तोंड वळवलं.

“मग अकरा वर्षं तू करत काय होतीस गं, बाळा?”

रागावून विचारलं असतं तर मी भांडले असते. पण ते खरंच विचारत होते.